नसलेल्या गोष्टी दाखवणारा माणूस

आपल्याच गावात पैसे देऊन गाईड घ्यायचा म्हटलं की नागपुरात पहिला प्रश्न ठरलेला. "काऊन गं, तुला महाल माहीत नाही का?" तो मोठ्या नणंदेनं विचारला, समोरच्या काकांनी कुंपणावरून विचारला, आणि पुण्याहून मुलानंही फोनवर विचारला. त्याच्या आवाजात मात्र थोडी काळजी होती.

महाल माहीत असतोच. लग्नसराईत इतवारीत भांडी नि साड्या घ्यायच्या, चितार ओळीतून गणपती आणायचा, आणि गाडी कुठं लावली होती याच विवंचनेत बाकी काही न पाहता परत फिरायचं. प्रतापनगर-लक्ष्मीनगरकडच्या माणसांचं जुन्या नागपुराशी नातं एवढंच. शाळेत 'नागपूर ही उपराजधानी' असं घोकलेलं असतं. पण राजधानी म्हणून हे गाव नेमकं कुठं होतं, कोणत्या रस्त्यावर, कोणत्या भिंतीआड, हे कुणी पायी फिरवून दाखवलेलं नसतं.

मुलगा नोकरीनिमित्त परदेशात फिरतो. तिकडच्या छोट्या राजधान्यांमध्ये माणसाला एकट्यालाच गाईड घेऊन दोन-तीन तास पायी फिरता येतं, असं तो सांगत असतो. संसद, राजवाडा, जुना बाजार, एखाद्या घोडेस्वाराचा पुतळा, सगळं चालण्याच्या अंतरात. ऐकताना मनात यायचं, आपलं गाव तरी काय वेगळं आहे! गोंडांची राजधानी झाली, मग भोसल्यांची, मग इंग्रजांच्या मध्य प्रांताची, स्वातंत्र्यानंतर काही वर्षं मध्य प्रदेशाची. एवढ्या वेळा राजधानी होऊन पुन्हा साधं गाव झालेलं शहर शोधायला परदेशी कशाला जायचं?

आमचा गाईड म्हणजे इतिहासात एम. ए. केलेला, इतवारीच्या मागच्या गल्लीत राहणारा मुलगा. रविवारी सकाळी तो लोकांना घोळक्यानं फिरवतो. मी एकटीसाठी विचारलं. गुडघ्यांमुळे मला मध्येमध्ये बसावं लागतं, प्रश्न फार असतात, आणि गळ्यात माईक अडकवून बोलणाऱ्या माणसाचं मला काही केल्या खरं वाटत नाही. फी त्यानं थोडी संकोचून सांगितली. मॉलमधल्या दोन सिनेमांची तिकिटं आणि पॉपकॉर्न, जवळपास तेवढी. नोव्हेंबरचा शेवटचा रविवार ठरला. "साडेसहाला या काकू, गांधी गेटला. सातनंतर तिथं काहीच दिसत नाही, नुसत्या गाड्या."

गांधी गेट म्हणजे जुना जुम्मा दरवाजा. पलीकडे जुम्मा तलाव, त्याला आता गांधीसागर म्हणतात, म्हातारी माणसं अजून शुक्रवारी तलाव. मी गेले तेव्हा कमानीवर कुणाच्या तरी वाढदिवसाचा फ्लेक्स होता आणि खाली एक माणूस फडक्यानं स्कूटर पुसत होता. गाईडनं फ्लेक्सकडे पाहिलंच नाही. दोन्ही हात पसरून म्हणाला, "काकू, आता इथून डावीकडं आणि उजवीकडं भिंत आहे असं समजा." पुढचा तासभर आम्ही बहुतेक अशाच, नसलेल्या गोष्टी पाहिल्या.

देवगडच्या गोंड राजानं, बख्त बुलंद शाहनं, १७०२ च्या सुमारास हे गाव वसवलं. बारा खेडी एकत्र करून वसवलं असं म्हणतात. 'राजापूर बारसा' हे नाव त्यातूनच आलं. पुढे त्याच्यामागून गादीवर आलेल्या चांद सुलतानानं राजधानी इथं आणली, गावाला तट घातला, तलाव बांधला. १७३९ मध्ये तो वारला, वारसांत भांडणं लागली आणि ती मिटवायला आलेले रघुजी भोसले इथलेच झाले. गोंड राजाला मानानं गादीवर ठेवून कारभार त्यांनी हातात घेतला. हे सगळं पुस्तकात आहे. पण तलावाचं पाणी आणि दरवाजाची कमान एकाच नजरेत घेऊन ऐकलं की तट कशासाठी, पाणी कशासाठी, ते वेगळं सांगावं लागत नाही.

दरवाजाची जी गोष्ट मला ठाऊक नव्हती ती अशी. सीताबर्डीची लढाई आपल्याला साधारण माहीत असते: २६ आणि २७ नोव्हेंबर १८१७, आप्पासाहेब भोसले विरुद्ध इंग्रज, आणि इंग्रज जिंकले. तिथं पाठ संपतो. पण गाव त्या दिवशी पडलं नव्हतं. आप्पासाहेब इंग्रजांच्या हाती गेल्यावरही भोसल्यांच्या पदरचे अरब शिपाई तटाच्या आत ठाण मांडून होते. २४ डिसेंबरला इंग्रज सेनापती डव्हटनच्या फौजेनं याच जुम्मा दरवाजावर हल्ला केला आणि तो फसला. शेवटी अरबांशी बोलणी झाली आणि ते सुखरूप बाहेर पडले. म्हणजे बर्डीवर लढाई हरल्यावर जवळपास महिनाभर हा दरवाजा इंग्रजांसाठी बंदच होता. "आपल्याकडं हरल्याचीच तारीख पाठ करून घेतात," गाईड म्हणाला. स्कूटर पुसणारा माणूस एव्हाना पुसायचं थांबवून ऐकत होता. "इथलं होय हे?" त्यानं विचारलं. तो तिथंच राहत असणार.

बडकस चौकाकडे चालत गेलो. वाटेत गाईडनं एका टपरीवर थांबवून तर्री पोहे खायला लावले. सकाळी सातला ती लाल तर्री म्हणजे माझ्या वयात धाडसच. पोहे खाताना तो इतिहास सांगत नाही हे मला आवडलं. खाताना तो फक्त खातो.

महालात भोसल्यांचा राजवाडा होता. काळ्या दगडाचा, लाकडी कोरीवकामानं भरलेला. १८६४ मध्ये तो जळाला आणि त्या आगीतून नगारखाना तेवढा वाचला. मी त्या भागातून लहानपणापासून जाते आहे, 'महाल' हे नाव रोज उच्चारते आहे, पण ज्या महालावरून ते पडलं तो जळून गेलाय हे मला कधी कुणी सांगितलं नव्हतं. त्याआधी दहा-अकरा वर्षं राज्यच गेलं होतं. तिसरे रघुजी १८५३ मध्ये वारले, वारस नव्हता, डलहौसीनं राज्य खालसा केलं. राजवाड्यातले हत्ती, घोडे, बैल सीताबर्डीला लिलावात विकले गेले, जडजवाहीर कलकत्त्याला. गाईड हे सांगत होता तेव्हा आम्ही एका बंद शटरच्या दुकानासमोर उभे होतो आणि शटरवर 'दुकान विकणे आहे' असं खडूनं लिहिलेलं होतं. त्यानं त्यावर कोटी केली नाही. मी केली असती.

असा एकट्याचा गाईड असण्याचा फायदा पुढच्या गल्लीत कळला. घोळक्याला ज्या घरात कुणी घेणार नाही, अशा एका जुन्या वाड्यात त्याची ओळख होती. देवडीतून आत गेलो. सागवानी खांब, कमळाची कोरणी, चौकात तुळस आणि शेजारी वॉशिंग मशीन. ओसरीवर शेंगा सोलत बसलेल्या आजींनी चष्म्यातून वर पाहिलं.

"कोण गावच्या?"

"इथल्याच हो आजी. प्रतापनगरच्या."

"म्हणजे बाहेरच्याच," आजी म्हणाल्या आणि शेंगा सोलायला लागल्या.

त्यांच्या हिशेबानं तटाबाहेरचं ते सगळं बाहेरचं. तट पडून किती पिढ्या झाल्या, ते त्यांच्या कानी आलं असेलही, पण मनावर घ्यावंसं वाटलं नसेल. नंतर त्यांनीच चहा ठेवायला सांगितला, गाईडला "तू रोज नवीन बाया आणून राहिला" म्हणून झापलं आणि मला काळ्या मारबतीची गोष्ट सांगितली, जी मला येत होती पण अशी येत नव्हती. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी इतवारीतून काळी आणि पिवळी मारबत, म्हणजे बाईचे मोठाले पुतळे, निघतात, सोबत बडगे, म्हणजे बाप्यांचे पुतळे, आणि 'इडा पिडा घेऊन जा गे मारबत' असा गजर. काळी मारबत म्हणजे बाकाबाई, असं लोक मानतात. आप्पासाहेबांना पदच्युत करून इंग्रजांनी लहानग्या तिसऱ्या रघुजींना गादीवर बसवलं तेव्हा कारभार पाहणाऱ्या, दुसऱ्या रघुजींच्या विधवा. त्यांनी इंग्रजांशी जुळवून घेतलं, म्हणून अजूनही दरवर्षी त्यांची मिरवणूक काढून गावाबाहेर जाळायची.

"काय करणार होती ती तरी?" आजी म्हणाल्या. "घरात लेकरू लहान आन् दारात गोरे."

बाहेर आल्यावर गाईडनं सांगितलं की काळ्या मारबतीची प्रथा १८८१ पासूनची मानतात, म्हणजे बाकाबाईंना जाऊनही वर्षं लोटली होती. पुतळा आणि बाई यांचा सांधा नेमका कधी जुळला, यावर तो पैज लावायला तयार नव्हता. सांगोवांगी सांगताना तो दरवेळी 'असं म्हणतात' जोडतो आणि ते जोडताना जरा हळू बोलतो. मी आजवर पाहिलेल्या गाईडांचं उलट असतं. ज्याला आधार नाही तेच ते सगळ्यात मोठ्या आवाजात सांगतात. राजस्थानात एकानं आम्हाला एका विहिरीचा भुयारी रस्ता दिल्लीपर्यंत जातो असं सांगितलं होतं, आणि आमच्या गटातल्या इंजिनीअर काकांनी माना डोलावल्या होत्या.

इतवारी आम्ही भराभर पार केली. रविवारी निम्मी बंद असते. इतवारी, बुधवारी, शुक्रवारी, मंगळवारी. गावाचा आठवडा नकाशावर पसरलेला आहे एवढं सांगून तो पुढे निघाला, कारण पाय दुखायच्या आत मला दुसऱ्या राजधानीत न्यायचं होतं. चितार ओळ चौकातून मेट्रो पकडली. खाली मूर्तिकारांच्या कारखान्यांची पत्र्याची छतं, वर वातानुकूलित डबा. सीताबर्डीला गाडी बदलली आणि झिरो माईलला उतरलो. ज्या अंतरासाठी भोसल्यांच्या दरबारातला इंग्रजांचा प्रतिनिधी, रेसिडेंट जेन्किन्स, याच्या लोकांना पालखी नि पहारा लागत असेल ते काही मिनिटांत पार झालं. वाटेत खिडकीतून सीताबर्डीच्या टेकडीवरचा किल्ला दिसतो. तो सैन्याकडे आहे, एरवी बंद, स्वातंत्र्यदिन-प्रजासत्ताकदिनासारख्या ठराविक दिवशीच लोकांना आत सोडतात.

महालातून सिव्हिल लाईन्सला आलं की हवा बदलते म्हणतात ते खरंच. रस्ते अचानक रुंद, झाडं मोठी, माणसं कमी. १८६१ मध्ये मध्य प्रांत स्थापन झाला, नागपूर त्याची राजधानी झाली, आणि नव्या राज्यकर्त्यांनी जुन्या गावाला हात न लावता टेकडीच्या या अंगाला आपलं गाव थाटलं. कचेऱ्या, बंगले, अजब बंगला म्हणजे संग्रहालय. हे गाव पायी चालणाऱ्यासाठी बांधलेलंच नाही. इथं साहेब बग्गीतून जाणार आणि चालणार फक्त चपराशी, असा हिशेब. फूटपाथ अजूनही त्याच हिशेबाचे वाटतात.

झिरो माईलचा खांब मी लाख वेळा पाहिला असेन, बसमधून. चार घोडे, एक खांब, भोवती कुंपण. 'भारताचा मध्यबिंदू' म्हणून पाहुण्यांना लांबून दाखवायचा. गाईडनं मध्यबिंदूचा विषयच काढला नाही, म्हणून मीच छेडला. तो म्हणाला, "काकू, इथला दगड १९०७ चा आहे, सर्व्हेवाल्यांचा. समुद्रसपाटीपासून १०२०.१७१ फूट, एवढं पक्कं. १९०७ साली देश पेशावरपासून रंगूनपर्यंत होता. मग मध्य कोणत्या देशाचा धरायचा?" मग त्यानं मला खांबावरची नावं वाचायला लावली. हैदराबाद ३१८ मैल. जबलपूर १७०. चांदा, शिवनी, छिंदवाडा, बैतूल. मी सगळ्या बाजूंनी फिरून पाहिलं आणि विचारलं, "मुंबई?" तो हसला. बहुतेक जण याच जागी हे विचारत असावेत.

मुंबई नाही. त्या खांबाला मुंबईशी देणंघेणं नव्हतं. जबलपूर, शिवनी, छिंदवाडा, बैतूल ही याच राजधानीची गावं होती. आता ती दुसऱ्या राज्यात आहेत आणि आमचे कागद ज्या मुंबईला जातात तिचं नाव दगडावर नाही. मध्यबिंदूची बढाई सोडून हीच गोष्ट पाहुण्यांना का सांगत नाहीत, कोण जाणे. बढाईपेक्षा ती कितीतरी रंगतदार आहे.

पलीकडे गोवारी स्मारक. परवाच २३ तारीख होऊन गेली होती, हार अजून होते, झेंडू वाळलेले. २३ नोव्हेंबर १९९४ ला अधिवेशनावर आलेल्या गोवारी समाजाच्या मोर्चात चेंगराचेंगरी झाली आणि ११४ माणसं गेली, त्यांत बायका नि लेकरं फार. अनुसूचित जमातीच्या सवलती मागायला गावोगावहून आलेली ती माणसं होती. मोर्चे मॉरिस कॉलेजच्या टी पॉइंटला अडवतात, तिथं हे घडलं. वरच्या उड्डाणपुलालाही त्यांचं नाव आहे, पण पुलावरून जाणारे आम्ही त्याला 'बर्डीचा पूल'च म्हणतो. गाईड म्हणाला, घोळका असला की काही लोक इथं घड्याळ पाहतात. त्यांना राजवाडे हवे असतात. मला वाटतं, ज्याला राजधानी म्हणजे काय ते समजून घ्यायचंय त्यानं आधी इथंच उभं राहावं. लोक राजधानीला येतात ते काहीतरी मागायला. भोसल्यांच्या देवडीवरही तेच असणार.

विधान भवनाच्या रस्त्यावर रंगकाम चाललं होतं. दुभाजकांना काळा-पिवळा पट्टा, झाडांच्या बुंध्यांना चुना नि गेरू. हिवाळी अधिवेशन तोंडावर आलं की सिव्हिल लाईन्सला दरवर्षी असं न्हाऊमाखू घालतात. २८ सप्टेंबर १९५३ च्या नागपूर करारात वर्षातून एक तरी अधिवेशन इथं घ्यायचं ठरलं आणि १९६० पासून ते होत आलं. मग अधिवेशन असेतो रामगिरीवर मुख्यमंत्री, रवी भवनात मंत्री, आमदार निवासात कार्यकर्ते, आणि संत्रा बर्फीच्या दुकानांत रांगा. "तेव्हा मी इकडचे वॉक बंदच ठेवतो," गाईड म्हणाला. "जागोजागी बॅरिकेड, पास दाखवा म्हणतात. मी पाहुण्यांना इतवारीतच फिरवतो." मी विचारलं, विदर्भ वेगळा होऊन नागपूर पुन्हा खरीखुरी राजधानी झाली तर? त्यानं हायकोर्टाकडे चालता चालता उत्तर दिलं, "मग काकू, बाराही महिने पास लागेल."

हे मला पटलं नाही आणि मी तसं सांगितलं. हायकोर्टाची इमारत समोर होती, घुमटाची. नवी दिल्लीच्या बांधकामात मुरलेल्या हेन्री मेडनं ती उभारली, १९४० मध्ये सुरू झाली. एवढी इमारत बांधणाऱ्यांना ही राजधानी सोळा वर्षांत जाईल असं वाटलं असेल का? १ नोव्हेंबर १९५६ ला ती गेली. त्या राज्याचं हायकोर्ट जबलपूरला, मंत्रालय भोपाळला, आणि आम्ही मुंबई राज्यात. गाईडसाठी ही पुस्तकातली तारीख होती, माझ्यासाठी घरातली. माझे सासरे सचिवालयात कारकून होते. कोण भोपाळला, कोण मुंबईला, याच्या याद्या लागल्या तेव्हा शेजारी बसणारी माणसं दोन राज्यांत वाटली गेली. ते मुंबईला गेले. चाळीत एका खोलीत चौघं, आणि पहिल्या पावसाळ्यात फायली नि बिछाने दोन्ही ओले. भोपाळला गेलेल्या मित्राशी त्यांचा पत्रव्यवहार शेवटपर्यंत टिकला आणि प्रत्येक पत्रात दोघं एकमेकांना विचारत, तिकडं संत्री कशी भावानं आहेत. बदली मागून मागून ते परत आले, पण कचेरीच्या आवारातून जाताना सायकलवरून उतरून चालायची जुनी सवय त्यांनी सोडली नाही. आत साहेब नसले तरी.

मी हे सांगत होते आणि गाईड गप्प होऊन ऐकत होता. एका कठड्यावर बसून मी गुडघे चोळले. त्यानं मोबाइल काढून काहीतरी टिपून घेतलं.

"हे मी लोकांना सांगितलं तर चालेल का काकू? नाव नाही घेणार."

"सांग की."

"परत कधी आले ते? साल?"

मला साल आठवेना. नणंदेला विचारून कळवते म्हटलं.

"ठीक आहे," तो लिहिता लिहिता म्हणाला, "तोवर 'असं म्हणतात' लावतो."